दुभाष्या आणि नट : ल्यूथर स्टँडिंग बेअर यांचे जीवनकार्य

सन १८८४ मधील गोष्ट आहे. अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहरी एका नाट्यगृहाबाहेर जाहिरात लागली होती की, जनरल कस्टर यास ठार मारणारा सिटिंग बुल हा इंडियन सरदार येथे प्रत्यक्ष पाहावयास मिळेल. पन्नास सेंट देऊन आत गेलेल्या प्रेक्षकांत सुमारे सोळा वर्षांचा एक लकोटा मुलगा होता. सिटिंग बुल रंगमंचावर उभे राहिले आणि आपल्या लकोटा भाषेत बोलले. आता लढण्यात अर्थ उरलेला नाही, रानगव्यांचे कळप नाहीसे झाले आहेत, आपण राष्ट्राध्यक्षांस भेटावयास जात आहो आणि आपल्या लोकांच्या मुलांना शिक्षण मिळणार आहे याचा आपणास आनंद वाटतो, अशा आशयाचे ते भाषण होते. ते संपताच शेजारी उभ्या असलेल्या गोऱ्या गृहस्थाने त्याचे इंग्रजी भाषांतर म्हणून १८७६ च्या लिटल बिगहॉर्नच्या लढाईची एक रक्तरंजित हकीकत सांगितली. सिटिंग बुल यांनी दबा धरून कस्टरच्या सैन्याची कत्तल कशी केली, याचे ते वर्णन होते. वस्तुतः कस्टर याचा वध सिटिंग बुल यांच्या हातून झालेला नव्हता. प्रेक्षकांनी मात्र ती हकीकत वृद्ध सरदाराच्याच तोंडची म्हणून ऐकून घेतली. सिटिंग बुल यांना इंग्रजी येत नव्हते आणि प्रेक्षकांना लकोटा येत नव्हती. त्या मुलाला दोन्ही भाषा येत होत्या.

हा मुलगा म्हणजे पुढे नट, ग्रंथकार व आपल्या समाजाचा कैवारी म्हणून प्रसिद्धीस आलेला ल्यूथर स्टँडिंग बेअर होय. चव्वेचाळीस वर्षांनी त्यांनी हा प्रसंग आपल्या आत्मचरित्रात नमूद केला. एखाद्या समाजाची कथा कोणी सांगावी, कोणत्या भाषेत सांगावी, आणि ती सांगताना मध्ये उभा राहणारा माणूस प्रामाणिक नसेल तर काय होते, हे प्रश्न स्टँडिंग बेअर यांच्या साऱ्या आयुष्याला व्यापून राहिले. आपल्या मातृभाषेच्या प्रांताबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आम्हा मंडळींस हे प्रश्न परके वाटू नयेत, म्हणून त्यांच्या चरित्राचा परामर्श येथे घेत आहो.

प्रथम नावाविषयी एक खुलासा करणे अवश्य आहे. कोलंबसाच्या भौगोलिक चुकीमुळे अमेरिकेच्या मूळ रहिवाशांस 'इंडियन' हे आपल्या देशाचे नाव चिकटले. हे लोक म्हणजे कोणी एक जात नव्हे. त्यांच्यात शेकडो राष्ट्रे व शेकडो भाषा होत्या. इंग्रजीत ज्यांस 'सू' म्हणतात त्यांपैकी उत्तर अमेरिकेच्या विस्तीर्ण गवताळ मैदानातील पश्चिमेकडील शाखेचे लोक स्वतःस लकोटा म्हणवितात. या शाखेत १८६८ च्या सुमारास आपल्या चरित्रनायकाचा जन्म झाला. त्याच वर्षी फोर्ट लॅरमी येथील तहाने अमेरिकन सरकारने लकोटांचा मुलूख त्यांच्याकडेच राहील असे मान्य केले होते, आणि हा मुलगा दहा वर्षांचा होण्यापूर्वीच, सोने सापडल्याचे निमित्त होऊन, त्यातील काळ्या टेकड्यांचा पवित्र प्रदेश १८७७ मध्ये काढून घेण्यात आला. मुलाचे नाव 'ओता क्ते' असे होते. त्याचा अर्थ 'पुष्कळांना मारणारा'. लकोटांमध्ये नाव ही पराक्रमाची नोंद असे. पित्याने रणांगणावर अनेक शत्रू मारले होते, त्याचे स्मरण मुलाच्या नावात राहिले होते.

सन १८७९ मध्ये रिचर्ड हेन्री प्रॅट या लष्करी अधिकाऱ्याने पेनसिल्व्हेनिया राज्यात कार्लाइल येथे जुन्या लष्करी बराकींत मूळ रहिवाशांच्या मुलांसाठी एक निवासी शाळा काढली. रोझबड व पाइन रिज येथील लकोटा मुलांची पहिली तुकडी त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तेथे पोहोचली. तीत अकरा वर्षांचा ओता क्ते होता. शाळा म्हणजे काय हे त्यास ठाऊक नव्हते. शूराने शत्रूच्या मुलखात जाऊन निर्भयपणे मरण पत्करावे, अशी पित्याची शिकवण होती. तेव्हा पूर्वेकडे जाणे म्हणजे मरावयास जाणे, असे समजून आपण निघालो, असे त्यांनी पुढे लिहिले आहे. वाटेत स्टेशनांवर जमलेली गोरी माणसे मुलांकडे टक लावून पाहत आणि त्यांना चिडविण्यासाठी युद्धातील आरोळ्यांची नक्कल करीत. मूळ रहिवासी म्हणजे आरोळ्या ठोकणारा रानटी, हे चित्र लोकांच्या मनात चित्रपटाचा शोध लागण्यापूर्वीच पक्के होऊन बसले होते, हे यावरून ध्यानात येईल. मुले मध्यरात्री कार्लाइलला पोहोचली तेव्हा तेथे अंथरूणपांघरूणही आलेले नव्हते. ती पहिली रात्र त्यांनी उघड्या जमिनीवर काढली.

काही दिवसांनी वर्गात फळ्यावर काही खुणा लिहिण्यात आल्या. त्या इंग्रजी नावांच्या होत्या, पण मुलांच्या दृष्टीने त्या नुसत्या रेघा होत्या. प्रत्येक मुलाच्या हाती एक छडी देऊन, यांपैकी एक खूण निवड, असे दुभाष्याकरवी सांगण्यात आले. ओता क्ते याने छडी एका खुणेवर ठेवली आणि तो ल्यूथर झाला. बापाचे नाव आडनाव म्हणून जोडले गेले, म्हणून तो ल्यूथर स्टँडिंग बेअर. पराक्रमाची नोंद असलेले नाव गेले आणि त्याच्या जागी आंधळेपणाने दाखविलेली एक खूण आली. नंतर केस कापण्यात आले. आपण आता लकोटा उरलो नाही, गोऱ्या माणसाची नक्कल झालो, असे त्या क्षणी वाटल्याचे त्यांनी लिहून ठेवले आहे. या नाव देण्याच्या प्रसंगाकडे आम्ही लेखाच्या अखेरीस पुन्हा वळणार आहो.

प्रॅट यांस केवळ दुष्ट ठरविणे इतिहासाला धरून होणार नाही. मूळ रहिवाशांचा समूळ उच्छेद करावा असे उघडपणे म्हणणारे लोक त्या काळी होते. प्रॅट यांचा विश्वास असा की, ही मुले गोऱ्या मुलांइतकीच बुद्धिमान आहेत आणि त्यांना संधी मिळाली पाहिजे. परंतु माणूस वाचवावयाचा तर त्याच्यातील इंडियन मारला पाहिजे, अशा अर्थाचे सूत्र त्यांनी १८९२ मध्ये जाहीरपणे मांडले, आणि शाळेचा सारा कारभार त्याच सूत्राने चालला होता. स्वभाषेत बोलण्यास बंदी होती. लष्करी गणवेश सक्तीचा होता. लकोटांचे वजनदार नेते स्पॉटेड टेल १८८० मध्ये शाळा पाहावयास आले असता आपली मुले सैनिकांच्या वेषात कवायत करताना पाहून संतापले आणि आपल्या कुटुंबातील मुलांना परत घेऊन गेले. स्टँडिंग बेअर यांच्या पित्याचे मत निराळे होते. गोऱ्यांची संख्या पाहता त्यांच्या विद्येवाचून आपला तरणोपाय नाही, असे त्यास वाटे. मुलगा राहिला. इतकेच नव्हे, तर शाळेच्या वतीने आपल्या मुलखात जाऊन आणखी मुले आणण्याचे कामही त्याने एकदा केले. ही गोष्ट त्यांच्या चरित्रातून वगळता येत नाही, आणि त्यांनी स्वतःही ती वगळलेली नाही.

शाळेने त्यांना पत्र्याची भांडी करण्याचा धंदा शिकविला. तो गावी परतल्यावर निरुपयोगी ठरला, कारण सरकार तसली भांडी तेथे फुकटच वाटीत असे. शाळेच्या बँडमध्ये ते वादक होते. १८८३ साली न्यूयॉर्कमधील ब्रुकलिन पुलाचे उद्‌घाटन झाले तेव्हा हा बँड वाजवीत पूल ओलांडल्याची आठवण त्यांनी अभिमानाने सांगितली आहे. त्यानंतर फिलाडेल्फियातील वॉनामेकर यांच्या प्रसिद्ध पेढीत ते नोकरीस लागले, आणि तेथे असतानाच सिटिंग बुल यांच्या भाषणाचा वर सांगितलेला प्रसंग घडला. येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. ज्या शाळेने त्यांची भाषा मारण्याचा यत्न केला त्याच शाळेने त्यांना इंग्रजी दिले, आणि इंग्रजी आले म्हणूनच रंगमंचावरील लबाडी त्यांना कळली. मातृभाषा विसरली असती तरीही ती कळली नसती. दोहोंपैकी एका भाषेने भागणारे हे काम नव्हते.

१८८५ च्या सुमारास ते रोझबड येथे परतले आणि तेथील शाळेत साहाय्यक शिक्षक झाले. आपल्या वाचकांत शिक्षक बहुसंख्य आहेत, म्हणून या काळातील त्यांचा एक अनुभव विशेष सांगावासा वाटतो. स्टँडिंग बेअर मुलांकडून इंग्रजीतील एक एक ओळ वाचून घेत, आणि अर्थ कळला नाही तर तो लकोटा भाषेत समजावून देत. इतर शिक्षक फक्त इंग्रजीतूनच शिकवीत. पुढे शिक्षकांच्या एका सभेत त्यांनी स्पष्ट सांगितले की, अशाने मुले पोपटासारखी शब्द वाचतात, पण त्यांचा अर्थ त्यांना कोड्यासारखाच राहतो. मुलांना एका भाषेतून दुसऱ्या भाषेत नीट आणता आले पाहिजे. मातृभाषेच्या माध्यमाचा पुरस्कार आज शिक्षणशास्त्रात सर्वमान्य झाला आहे. त्या काळी मात्र आपल्याच बंदिस्त मुलखात एक विशी ओलांडलेला साहाय्यक शिक्षक हे बोलत होता.

डिसेंबर १८९० मध्ये सिटिंग बुल मारले गेले आणि दोन आठवड्यांच्या आत वूंडेड नी येथे अमेरिकन सैन्याने स्त्रिया, मुले व वृद्ध यांसह लकोटांची कत्तल केली. ज्या राज्यकर्त्यांची विद्या आपण सुधारणा म्हणून शिकलो त्यांचेच हे कृत्य, या विचाराने स्टँडिंग बेअर यांच्या मनास मोठा धक्का बसला.

१९०२ मध्ये त्यांच्या आयुष्यास निराळे वळण लागले. 'बफेलो बिल' या नावाने विख्यात असलेल्या विल्यम कोडी याच्या 'वाइल्ड वेस्ट' या फिरत्या खेळात ते दुभाष्या व कलावंत म्हणून सामील झाले आणि इंग्लंडच्या दौऱ्यावर गेले. या खेळात वसाहतवाल्यांच्या झोपडीवर व टपालगाडीवर इंडियनांनी केलेले हल्ले दाखवीत आणि अखेरीस बफेलो बिल येऊन सर्वांस वाचवी. ज्यांचा मुलूख लुटला गेला तेच तेथे रोज लुटारूंचे सोंग घेऊन पराभूत होत. असे असता ते त्यात का गेले, हा प्रश्न वाचक विचारतील. त्याचे एक उत्तर पोट हे आहे. राखीव मुलखातून बाहेर पडण्यास सरकारी अधिकाऱ्याची परवानगी लागे, धंदा नव्हता आणि जमीन संपत चालली होती. दुसरे उत्तर असे की, तेथेही त्यांनी दुभाष्याचे काम खऱ्या अर्थाने केले. आपल्या लोकांना इतरांच्या न्याहारीतील उरलेले पदार्थ वाढले जातात असे दिसताच, भटारखान्याच्या व्यवस्थापकाशी वाद घालून न थांबता ते थेट कोडीपर्यंत गेले आणि इतरांच्या बरोबरीचे जेवण मिळविले. प्रकरण लहान होते. परंतु आपल्या लोकांच्या वतीने बोलणारा माणूस मालकाच्या भाषेत बोलू शकला की काय फरक पडतो, हे त्यावरून दिसते. १९०४ मध्ये शिकागोजवळ झालेल्या रेल्वे-अपघातात ते गंभीर जखमी झाले आणि त्यांचे हे पर्व संपले.

१९१२ मध्ये ते कॅलिफोर्नियास गेले. टॉमस इन्स या निर्मात्याने सँटा मोनिकाजवळच्या डोंगरात चित्रपटांचे एक गावच वसविले होते आणि पाइन रिजच्या लकोटांची एक टोळी आणून तेथे तंबूंत ठेवली होती. मूळ रहिवाशांचा पोशाख, घोडेस्वारी व चेहरे यांना चित्रपटाच्या बाजारात मागणी होती. मात्र महत्त्वाची भूमिका आली की गोरा नट तोंडास रंग फासून इंडियन होई, आणि खरे इंडियन मागे गर्दीत उभे राहात. कोणत्याही राष्ट्राची कथा असो, सर्वांच्या डोक्यावर मैदानी लोकांचा पिसांचा शिरटोप चढविला जाई.

स्टँडिंग बेअर यांनी इन्स यास पहिल्याच ओळखीत सांगितले की, तुमच्या चित्रपटांतील इंडियन जीवन चुकीचे आहे. इन्स यास आश्चर्य वाटले. त्याने प्रश्न विचारले, दोघांचे बराच वेळ बोलणे झाले, आणि निरोप देताना, एक दिवस आपण दोघे मिळून खरे इंडियन चित्रपट काढू, असे आश्वासन त्याने दिले. तो दिवस उगवला नाही. १९२४ मध्ये इन्स मरण पावला. स्टँडिंग बेअर पुढेही काम करीत राहिले. 'व्हाइट ओक' (१९२१) आदी चित्रपटांत त्यांनी लहानमोठ्या भूमिका केल्या, पण इंडियन जीवनाचे यथार्थ दर्शन घडविणारा एकही चित्रपट आपल्या पाहण्यात आलेला नाही, असा अभिप्राय त्यांनी १९२८ मध्ये लेखी दिला.

येथे सहजच आपल्याकडील एक समकालीन उदाहरण आठवते. स्टँडिंग बेअर यांच्याहून दोनच वर्षांनी लहान असलेले, बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले दादासाहेब फाळके यांनी मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिला आणि आपले देव, आपली पुराणे पडद्यावर आणावीत असा ध्यास घेतला. १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' प्रदर्शित झाला. इच्छा दोघांचीही एकच होती, तरी परिणाम इतका निराळा का झाला? फाळक्यांनी विम्याचे कागद गहाण ठेवून का होईना, कॅमेरा स्वतःच्या हाती घेतला, आणि ती कथा आपली म्हणून पाहणारा प्रेक्षकवर्गही येथे लक्षावधी होता. स्टँडिंग बेअर यांच्याजवळ यांपैकी काहीच नव्हते. कॅमेरा दुसऱ्याचा होता, पैसा दुसऱ्याचा होता, आणि प्रेक्षक तर त्यांच्या समाजाचा पराभव पाहावयासच आलेला असे. नटाने कितीही प्रामाणिकपणे सांगितले तरी कथा ज्याच्या हाती आहे त्याच्या मर्जीवरच सारे अवलंबून राहते, हा धडा त्यांना इन्स याच्या गोड आश्वासनातून मिळाला.

म्हणून त्यांनी हातात लेखणी घेतली. 'माय पीपल द सू' हे आत्मचरित्र १९२८ मध्ये प्रसिद्ध झाले. त्याला विख्यात नट विल्यम हार्ट याची प्रस्तावना होती. त्यानंतर 'माय इंडियन बॉयहुड' (१९३१), 'लँड ऑफ द स्पॉटेड ईगल' (१९३३) व 'स्टोरीज ऑफ द सू' (१९३४) ही पुस्तके आली. पहिले पुस्तक आणि तिसरे पुस्तक यांत अवघे पाच वर्षांचे अंतर असले तरी विचारांत मोठी तफावत आहे. पहिल्यात शाळेविषयी व प्रॅटविषयी कृतज्ञतेचा सूर आहे. १९३१ मध्ये सुमारे सोळा वर्षांनी ते पाइन रिजला गेले. तेथील दारिद्र्य व खचलेली मने पाहून त्यांनी त्याच वर्षी 'अमेरिकन मर्क्युरी' या मासिकात लकोटांच्या दैन्यावर कठोर लेख लिहिला. तिसऱ्या पुस्तकात त्यांनी लकोटांचे घर, आईबापांची शिकवण, प्रार्थना, वडिलधाऱ्यांच्या कथा यांचे सविस्तर वर्णन करून असे प्रतिपादिले की, ही एक पूर्ण संस्कृती होती. तिला रानटीपणा म्हणणाऱ्यांनी ती पाहिलीच नाही. मूळ रहिवाशांच्या शाळांतून त्यांच्याच समाजातील शिक्षक असावेत आणि शिक्षण दोन्ही संस्कृतींचे असावे, असा त्यांचा आग्रह होता. साठी ओलांडल्यावर स्वतःचे पूर्वीचे मत असे उघडपणे बदलण्यास धैर्य लागते.

१९३३ मध्ये त्यांनी राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांस पत्र लिहून सुचविले की, देशातील सार्वजनिक शाळांत मूळ रहिवाशांचा इतिहास व संस्कृती शिकविणे बंधनकारक करणारा कायदा करावा. या सूचनेचे मर्म असे की, ती केवळ लकोटा मुलांच्या शाळांपुरती नव्हती. गोऱ्या मुलांनीही हा इतिहास शिकावा, हा तिचा रोख होता. चित्रपटातील खोटे चित्र खरे मानणारा प्रेक्षक शाळेतच घडतो, हे त्यांनी ओळखले होते. असा कायदा त्यांच्या हयातीत झाला नाही.

नटांच्या हक्कांसाठीही ते झटत राहिले. १९३६ मध्ये जिम थॉर्प याच्यासह त्यांनी मूळ रहिवासी नटांची 'इंडियन ॲक्टर्स असोसिएशन' ही संघटना उभारली. थॉर्पही कार्लाइलचाच विद्यार्थी होता. १९१२ च्या ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णपदके मिळविणारा आणि पुढच्याच वर्षी ती गमावून बसलेला हा असामान्य खेळाडू त्या काळी चित्रपटांत फुटकळ कामे करून गुजराण करीत होता. इंडियनांच्या भूमिका इंडियनांस मिळाव्यात आणि पडद्यावर त्यांची विटंबना होऊ नये, ही या संघटनेची मागणी होती. जी शाळा मुलांतील इंडियन मारण्यासाठी निघाली तिचेच दोन विद्यार्थी ही मागणी करीत होते, हे विशेष.

२० फेब्रुवारी १९३९ रोजी स्टँडिंग बेअर यांचे निधन झाले. त्या वेळी ते सेसिल डी मिल यांच्या 'युनियन पॅसिफिक' या चित्रपटात काम करीत होते. लकोटांच्या मैदानी मुलखाजवळून गेलेल्या आणि रानगव्यांचा संहार सुलभ करणाऱ्या रेल्वेच्या बांधणीचे गौरवगान करणारा तो चित्रपट होता. हॉलिवूडच्या दफनभूमीत त्यांची पवित्र चिलीम त्यांच्यासोबत पुरण्यात आली.

या जीवनाचा हिशेब कसा मांडावा? चित्रपटांच्या दृष्टीने पाहिले तर ते हरले, असेच म्हणावे लागेल. त्यांच्या मृत्यूनंतर कित्येक दशके तीच सोंगे पडद्यावर चालू राहिली. मूळ रहिवाशांची भाषा दाखवावयाची झाल्यास नटांकडून इंग्रजी वाक्ये बोलवून घेऊन ध्वनिफीत उलटी फिरविण्याची रीतही या धंद्यात होती. ब्लॅकफीट समाजाशी नाते सांगणारी अभिनेत्री लिली ग्लॅडस्टोन हिने जानेवारी २०२४ मध्ये गोल्डन ग्लोब पारितोषिक स्वीकारताना प्रथम ब्लॅकफीट भाषेत चार शब्द बोलून या रीतीची आठवण करून दिली. १८८४ मध्ये फिलाडेल्फियाच्या रंगमंचावर जे तोंडी झाले तेच पुढे यंत्राने झाले, इतकाच काय तो फरक.

तथापि लिहिलेले वाया गेले नाही. त्यांची पुस्तके १९७० च्या दशकात नेब्रास्का विद्यापीठाने पुन्हा छापली आणि नव्या पिढीच्या हाती दिली. १९९० च्या 'डान्सेस विथ वुल्व्हज' या चित्रपटातील पुष्कळसे संभाषण लकोटा भाषेत होते आणि त्याचे भाषांतर रोझबड येथील सिन्ते ग्लेश्का महाविद्यालयातील एका लकोटा शिक्षिकेने केले होते. 'सिन्ते ग्लेश्का' हे स्पॉटेड टेल यांचेच लकोटा नाव. ज्यांनी कार्लाइलमधून मुले परत नेली त्यांच्या नावाच्या विद्यालयाने लकोटा भाषा पडद्यावर नेली. तरीही त्या चित्रपटाचा नायक व दिग्दर्शक गोराच होता. मूळ रहिवाशांनी लिहिलेला, दिग्दर्शित केलेला व अभिनीत केलेला 'स्मोक सिग्नल्स' १९९८ मध्ये देशभर प्रदर्शित झाला, तेव्हा कॅमेरा कोणाच्या हाती असावा या जुन्या प्रश्नास पहिले ठळक उत्तर मिळाले. इन्स याच्या आश्वासनाला तोवर ऐंशीहून अधिक वर्षे लोटली होती.

कार्लाइलची शाळा १९१८ मध्ये बंद झाली. तेथे दहा हजारांहून अधिक मुले येऊन गेली, आणि दीडशेहून अधिक मुलांच्या कबरी तेथेच राहिल्या. रोझबडच्या तरुण मुलामुलींनी त्या कबरी पाहून, यांना घरी का नेत नाही, असा प्रश्न आपल्या वडिलधाऱ्यांस विचारला. त्यातून प्रयत्न होऊन जुलै २०२१ मध्ये नऊ मुलांचे अवशेष रोझबड येथे परत आणण्यात आले. ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांनी या निवासी शाळांबद्दल देशाच्या वतीने क्षमा मागितली.

आता प्रारंभी वचन दिल्याप्रमाणे नावाच्या प्रसंगाकडे वळतो. आम्ही माळव्यातील एका मराठी शाळेत बरीच वर्षे अध्यापनाचे काम करीत आहो. काही वर्षांपूर्वी बांधकामावर आलेल्या एका भिल्ल कुटुंबाने आपला मुलगा शाळेत घातला. त्याचे नाव थावरिया. तो शनिवारी जन्मला, आणि शनिवारास त्या लोकांत थावर म्हणतात. वर्गात मुले हसतील, पुढे त्यास त्रास होईल, अशा सद्‌बुद्धीने आम्ही दाखल्याच्या नोंदवहीत आमच्याच मनाने 'सुरेश' असे लिहिले. बापाने मान हलविली. त्यास आमची भाषा पुरती कळत नव्हती आणि आम्हास त्याची. हजेरी घेताना 'सुरेश' अशी हाक गेली की तो मुलगा कित्येक दिवस गप्प बसून राही. काम संपल्यावर ते कुटुंब निघून गेले. पुढे स्टँडिंग बेअर यांच्या आत्मचरित्रातील फळ्याचा व छडीचा प्रसंग वाचला तेव्हा आम्हास प्रथम तो मुलगा आठवला, आणि आपण फळ्याच्या कोणत्या बाजूस उभे होतो हेही कळले.

आम्ही मंडळी मराठीसाठी पदोपदी तक्रार करतो की, या प्रांतात आमच्या भाषेस स्थान नाही, आमच्या इतिहासाची ओळख पाठ्यपुस्तकांत नाही. ती तक्रार रास्त आहे. परंतु आमच्याच वर्गात बसलेल्या भिल्ल, कोरकू वा गोंड मुलाची कथा आम्ही कोणाच्या तोंडून ऐकतो आणि कोणत्या नावाने लिहून ठेवतो, हेही याच हिशेबात येते. शिक्षक हा दोन भाषांच्या मध्ये उभा असलेला दुभाष्याच असतो. वृद्ध सरदार शांततेविषयी बोलत असता आपण युद्धाची हकीकत तर सांगत नाही ना, हे त्याने स्वतःस विचारीत राहिले पाहिजे. स्टँडिंग बेअर यांनी राष्ट्राध्यक्षांकडे जो कायदा मागितला तो आमच्या हाती नाही. दाखल्याची नोंदवही मात्र आहे. त्यानंतर आमच्या शाळेत आलेल्या प्रत्येक मुलाचे नाव त्याच्या आईबापांस दोनदा विचारून, ते सांगतील तसेच लिहिण्याचा प्रघात आम्ही पाडला आहे. थावरियाच्या नावापुढील नोंद मात्र आता दुरुस्त करता येत नाही.